कोठडीतला कॅमेरा

तुरुंगावरचा चित्रपट कसा आहे हे ओळखायला शेवटपर्यंत बसावे लागत नाही. नवा कैदी फाटकातून आत येतो, त्याची झडती होते, अंगावरचे कपडे आणि वस्तू काढून घेतल्या जातात, नावाऐवजी नंबर मिळतो. जवळजवळ प्रत्येक तुरुंगपटात हा प्रसंग असतो आणि त्या वेळी कॅमेरा कुणाच्या बाजूला उभा आहे, यावर पुढचे सगळे ठरते. तो झडती घेणाऱ्याच्या खांद्यामागे असला, तर प्रेक्षकाच्या हातात नकळत किल्ल्यांचा जुडगा आलेला असतो. समोरच्या व्यक्तीला तो हवे तेवढे न्याहाळू शकतो आणि त्या व्यक्तीला मात्र तोंड फिरवायचीही मुभा नसते. कॅमेरा झडती देणाऱ्याच्या बाजूला असला, तर तीच खोली, तेच टेबल, तोच गणवेश वेगळा दिसू लागतो. लैंगिक आकर्षणावर उभ्या असलेल्या, 'फक्त प्रौढांसाठी' म्हणून विकल्या जाणाऱ्या तुरुंगपटांची जगात एक भलीमोठी परंपरा आहे. ती बहुतांशी पहिल्या जागेवरून चित्रित झालेली आहे. या परंपरेचा विषय निघाला की आपल्याकडे ती अश्लील म्हणून बाजूला सारली जाते आणि चर्चा तिथेच संपते. माझ्या मते तिचा दोष उघड्या अंगात शोधणे चुकीचे आहे. तिला तुरुंग कळलेला नाही, हा तिचा दोष आहे. तुरुंग हे नेपथ्य म्हणून उभे करून विसरून जाण्यासारखे स्थळ नव्हे. तिथली प्रत्येक भिंत कुणाच्या तरी हुकमाने उभी असते आणि त्या भिंतीआड घडणाऱ्या प्रत्येक स्पर्शावर त्या हुकमाची सावली पडलेली असते. हे ज्या चित्रपटाला दिसत नाही तो कितीही धीट असला तरी अर्धवटच राहतो.

हे म्हणणे हवेतले नाही. भारतीय कायद्याने ते मान्य केले आहे आणि त्याची सुरुवात झाली ती वैनगंगेच्या खोऱ्यात. याच खोऱ्यात, भंडारा जिल्ह्यातल्या पवनी तालुक्यात, आसगाव आहे, चौरासच्या धानपट्ट्यातले. पवनीवरून वाहत जाणारी वैनगंगा पुढे ज्या देसाईगंजजवळून जाते, ते गाव म्हणजेच इथल्या लोकांच्या तोंडचे वडसा, झाडीपट्टी रंगभूमीचे केंद्र. आसगावसारख्या गावांत मंडईच्या दिवसांत रात्रभर चालणारी नाटके घेऊन येणाऱ्या कित्येक कंपन्यांचा मुक्काम वडशातच असतो. त्याच देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात २६ मार्च १९७२ च्या रात्री एका आदिवासी मुलीवर दोन पोलिसांनी अत्याचार केल्याचा खटला उभा राहिला. सत्र न्यायालयाने आरोपींना सोडले, उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने दोषी धरले आणि सप्टेंबर १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने 'तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या निकालात पुन्हा निर्दोष ठरवले. मुलीच्या अंगावर जखमा नव्हत्या, तिने आरडाओरड केली नव्हती, म्हणजे तिची संमती होती, असा त्या निकालाचा सूर होता. पुढच्या वर्षी उपेंद्र बक्षी, लोतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर या कायद्याच्या चार अध्यापकांनी सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. मान तुकवणे आणि होकार देणे यांत फरक असतो, आणि पोलीस ठाण्याच्या बंद दारामागे तो विसरून चालत नाही, हा त्यांचा मुद्दा होता. देशभर आंदोलन झाले आणि १९८३ मध्ये फौजदारी कायदा बदलला. पोलीस ठाणे, तुरुंग, सुधारगृह, रुग्णालय अशा ठिकाणी ताब्यातल्या स्त्रीवरील बलात्कार हा वेगळा, अधिक गंभीर गुन्हा ठरला. अशा खटल्यात शरीरसंबंध सिद्ध झाला आणि स्त्रीने संमती नव्हती असे सांगितले, तर ती नव्हतीच असे न्यायालयाने गृहीत धरावे, ही तरतूद पुरावा कायद्यात आली. आणखी एक कलम आले, त्याची चर्चा फार होत नाही. तुरुंगाच्या किंवा सुधारगृहाच्या अधीक्षकाने आपल्या पदाच्या जोरावर तिथल्या स्त्रीला वश करून संबंध ठेवले, तर बलात्काराची व्याख्या लागू होत नसली तरी तो गुन्हा. आजच्या भारतीय न्याय संहितेतही ही तरतूद कायम आहे.

या शेवटच्या कलमाचा अर्थ नीट लक्षात घेतला, की तुरुंगपटांची समीक्षा करायला वेगळे तत्त्वज्ञान लागत नाही. ज्याच्या हातात दुसऱ्याचे जेवण, झोप, मुलाखत आणि सुटकेच्या कागदावरची सही आहे, त्याच्यापुढे दिलेला होकार मोकळा असू शकत नाही, असे कायदा म्हणतो. तिथे कायदा व्यक्तीकडे पाहण्याआधी जागेकडे पाहतो. कथाकाराने आणि दिग्दर्शकाने याच क्रमाने विचार करायला हवा, आणि प्रौढ तुरुंगपट नेमका हाच क्रम उलटा करतो. त्याला बंद जागेची उत्तेजना हवी असते, पण ती जागा जिच्यामुळे बंद झाली ती व्यवस्था नको असते.

अमेरिकेतल्या दोन चित्रपटांची तुलना इथे पुरेशी बोलकी आहे. १९५० मध्ये आलेला जॉन क्रॉमवेल यांचा 'केज्ड' हा स्त्रियांच्या तुरुंगावरचा चित्रपट. त्याच्या लेखिका व्हर्जिनिया केलॉग यांनी लिहिण्याआधी प्रत्यक्ष तुरुंगांत जाऊन पाहणी केली होती. एकोणीस वर्षांची एक गरोदर, बुजरी मुलगी आत येते आणि सुटते तेव्हा ती पक्की गुन्हेगार झालेली असते, एवढेच कथानक. धिप्पाड मेट्रन, केस भादरणे, एकांत कोठडी, कैद्यांचा उठाव, कैदी स्त्रियांमधले आकर्षण, असे पुढे या प्रकाराचे भांडवल झालेले सगळे साहित्य त्यात आहे. पण मेट्रनची सत्ता कशावर चालते हे तो चित्रपट तपशिलाने सांगतो: चॉकलेट, सिगारेट, बाहेर पोहोचवल्या जाणाऱ्या निरोपांवर, म्हणजे पैशावर. पॅरोल मंडळासमोर उभी राहिलेली ती मुलगी नाकारली जाते तेव्हा तिला नाकारणाऱ्यांपैकी कुणी राक्षस नसतो. एकवीस वर्षांनी, १९७१ मध्ये, जॅक हिल यांचा 'द बिग डॉल हाऊस' आला. रॉजर कॉर्मन यांच्या कंपनीसाठी तो फिलिपिन्समध्ये स्वस्तात चित्रित झाला होता. त्याने गल्ला जमवला आणि त्याच साच्याच्या चित्रपटांची रांग लागली. मेट्रन, एकांत कोठडी, उठाव सगळे तिथेही आहे, पण अर्थव्यवहार गेला, पॅरोल मंडळ गेले, कोणत्या देशाच्या कोणत्या कायद्याने या बायका आत आहेत तेही गेले. उरली स्नानगृहे, झडत्या आणि छळाची खोली. देशच अनामिक केल्यावर तुरुंगाचा जाब कुणाला विचारायचा? सत्ता ही संस्था न राहता एका विकृत स्त्रीचा स्वभाव होते. शेवटी तिला मारले की प्रेक्षकाला वाटते, अन्याय संपला. हा बदल शरीराच्या प्रदर्शनाइतकाच गंभीर आहे, किंबहुना त्या प्रदर्शनाला वाट मोकळी करून देतो तो हाच बदल.

या साच्याची स्वस्त आवृत्ती आज आसगावातल्या कुठल्याही फोनवर पोहोचते. पूर्वी जिल्ह्याच्या गावी सकाळच्या खेळाला जे लागायचे त्यासाठी निदान तिकीट काढून, ओळखीच्या नजरा चुकवत आत शिरावे लागे. मार्च २०२४ मध्ये केंद्र सरकारने अश्लील मजकुराच्या कारणावरून १८ ओटीटी मंच बंद केले, जुलै २०२५ मध्ये आणखी २५ ॲप आणि संकेतस्थळांवर तशीच कारवाई झाली, त्यात उल्लू आणि ऑल्ट ही नावे होती. अशा मालिकांत पोलीस ठाणे, कोठडी, वसतिगृह, मालकाचे घर ही स्थळे पुन्हा पुन्हा येतात, कारण तिथे एकाचा शब्द चालतो आणि दुसऱ्याचा चालत नाही. बंदीने या प्रश्नाला हात लागेल असे मला वाटत नाही. बंदी दृश्यांची यादी करते, दृश्यामागचा संबंध तिच्या नजरेतून सुटतो. समीक्षेने करायचे काम ते, आणि मराठी समीक्षेने या प्रकाराकडे ढुंकूनही पाहिलेले नाही. लाखो माणसे जे पाहतात त्याबद्दल जाणत्यांनी मौन पाळले, तर त्यावर बोलायला फक्त पोलीस आणि धर्मरक्षक उरतात.

यावर पहिला आक्षेप असा येतो की कल्पना ही कल्पनाच असते. पडद्यावरचे नट-नट्या प्रौढ आहेत, त्यांनी करार करून काम केले आहे, पाहणाऱ्याला खेळ आणि वास्तव यांतला फरक कळतो. माणसाच्या कामनेला सत्तेचे आकर्षण असते ही गोष्ट जुनी आहे, ती नाकारणे हा ढोंगीपणा. या आक्षेपातले बरेचसे मला मान्य आहे. मनात काय यावे यावर कुणी पहारा बसवू नये. पण कलाकृती म्हणून तपासताना प्रश्न वेगळा पडतो: तुमच्या कल्पनेला तुरुंगच का लागला? दोन माणसांचा मोकळा खेळ हवा असता तर कुठलीही खोली चालली असती. तुरुंग निवडला तो तिथे 'नाही' म्हणता येत नाही म्हणून. म्हणजे ज्या वस्तुस्थितीतून रस काढायचा तीच लपवायची. हा कलेतला खोटेपणा आहे. तो टाळूनही या विषयात किती खोल जाता येते याचा पुरावा जाँ जने यांनी १९५० मध्येच दिला. ते स्वतः तुरुंगवास भोगलेले लेखक. त्यांनी आयुष्यात एकच चित्रपट केला, सव्वीस मिनिटांचा, संवादाविना. शेजारशेजारच्या कोठड्यांतले दोन पुरुष आणि दाराच्या भोकातून त्यांच्याकडे पाहणारा पहारेकरी. चित्रपट धीट आहे, इतका की कॅलिफोर्नियाच्या न्यायालयाने तो अश्लील ठरवला. पण जने पाहणाऱ्यालाच चौकटीत आणतात. भोकाला डोळा लावलेला पहारेकरी हाच त्या चित्रपटातला सर्वांत दरिद्री माणूस आहे. त्याच्याकडे किल्ली आहे, पट्टा आहे, पिस्तूल आहे, आणि भिंतीत खुपसलेल्या काडीतून शेजारच्याला सिगारेटचा धूर देणाऱ्या कैद्याकडे जे आहे ते त्याच्याकडे नाही. प्रेक्षकाला तो पहारेकरी आरशासारखा समोर येतो. कामना तिथे पूर्ण ताकदीने आहे आणि सत्ताही पूर्ण ताकदीने आहे, एकीसाठी दुसरीला झाकलेले नाही.

बाजारू साच्यातूनही कधीकधी असे काही निसटून येते, हेही मान्य केले पाहिजे. शुन्या इतो यांचा 'स्कॉर्पियन' मालिकेतला पहिला जपानी चित्रपट १९७२ चा. अंगप्रदर्शनाची मागणी तो निमूटपणे पुरवतो, पण मेइको काजी यांची नायिका फारसे बोलत नाही, ती बघते. तिची नजर सरळ पहारेकऱ्यांवर आणि त्यांच्याही पलीकडे खुर्चीत बसलेल्यांवर येते. तिला तुरुंगात ढकलणारा पोलीस अधिकारी तिचाच प्रियकर आहे. अपवाद म्हणून त्याचे मोल आहे, साच्याचे समर्थन म्हणून नाही.

मराठी मनाची अडचण मात्र उलट दिशेची आहे. आपल्याकडे तुरुंगाची कल्पना घडवली ती थोर माणसांनी. सावरकरांची 'माझी जन्मठेप', धुळ्याच्या तुरुंगात १९३२ मध्ये विनोबांनी दिलेली आणि साने गुरुजींनी उतरवून घेतलेली गीताप्रवचने, पुढच्या वर्षी नाशिकच्या तुरुंगात गुरुजींनी लिहिलेली 'श्यामची आई', गांधींचे येरवडा. या पुस्तकांनी पिढ्या वाढवल्या, त्यांचे ऋण मोठे आहे. पण त्यांच्यामुळे तुरुंग ही तपश्चर्येची जागा ठरली आणि चोरीच्या, दारूच्या, नवऱ्याच्या खुनाच्या आरोपाखाली आत बसलेल्या साध्या कैद्याला साहित्यात खोली मिळाली नाही. २०२१ च्या प्रजासत्ताक दिनी राज्य सरकारने येरवड्यापासून कारागृह पर्यटन सुरू केले, तेही थोरांच्या कोठड्या दाखवण्यासाठीच. शेजारच्या बरॅकीत आज कोण आहे हा प्रश्न त्या सहलीत येत नाही.

या मनोवृत्तीचा सर्वांत सुंदर आणि सर्वांत अडचणीचा चित्रपट म्हणजे शांतारामबापूंचा 'दो आँखें बारह हाथ'. १९५७ मधला हा चित्रपट हिंदीत असला तरी त्याची मुळे इथलीच. औंध संस्थानाने १९३९ मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची खुली वसाहत सुरू केली, तो प्रयोग त्यामागे होता, आणि कथा ग. दि. माडगूळकरांची. सहा खुनी कैद्यांना बेड्यांवाचून माळरानावर आणून शेतीला लावणारा जेलर शांताराम यांनी स्वतः रंगवला. बर्लिनच्या महोत्सवात चित्रपटाला रौप्य अस्वल मिळाले. भिंती काढल्या तर पहारा कुठे जातो, याचे उत्तर हा चित्रपट देतो: तो जेलरच्या डोळ्यांत जातो. पळालेले कैदी परत येतात ते त्या डोळ्यांच्या आठवणीने. मानवी करुणेचे हे विलक्षण चित्र आहे आणि त्याच वेळी पहाऱ्याचे परिपूर्ण रूपही तेच आहे, कारण या डोळ्यांपासून सुटका नाही. शांताराम यांना यात काही धोका दिसत नाही, कारण किल्ली चांगल्या माणसाच्या हातात आहे यावर त्यांचा पूर्ण विश्वास आहे. हा विश्वास पुढे हिंदी तुरुंगपटाने सैल वापरला. कधी जेलर प्रेमळ, कधी 'शोले'तल्यासारखा हास्यास्पद, तर कधी खलनायक. नायक आत जाऊन दणकट होऊन बाहेर येतो. बिमल रॉय यांचा १९६३ चा 'बंदिनी' यातला मोठा अपवाद. तुरुंगाच्या नोकरीत आयुष्य गेलेल्या जरासंध या बंगाली लेखकाच्या कथेवर तो उभा आहे आणि नूतनची कल्याणी कुठल्याही दृश्यात पाहण्याची वस्तू होत नाही.

मराठीत हा प्रश्न खऱ्या अर्थाने उभा केला तो जब्बार पटेल यांच्या 'उंबरठा'ने. शांता निसळ यांच्या 'बेघर' या कादंबरीवरून विजय तेंडुलकरांनी पटकथा लिहिली, १९८२ मध्ये चित्रपट आला. ज्या काळात देसाईगंजच्या निकालावरून देशभर स्त्रिया रस्त्यावर होत्या, नवे कलम लिहिले जात होते, त्याच काळातला हा चित्रपट आहे हे विसरू नये. स्मिता पाटील यांची सुलभा महाजन स्त्रियांच्या सुधारगृहाची अधीक्षक म्हणून येते. कायद्याने त्याला तुरुंग म्हणत नाहीत, पण दार बाहेरून बंद होते. इथे किल्ली चांगल्या बाईच्या हातात आहे आणि तरीही काही सुटत नाही, ही 'उंबरठा'ची मोठी समज. सुलभाच्या डोक्यावर व्यवस्थापक मंडळ आहे, त्यातल्या प्रतिष्ठित बायकांना संस्था शोभेसाठी हवी आहे. पुढाऱ्यांची आश्रमातल्या मुलींवर नजर आहे. रेशनात, कामात, नोंदवहीत सगळीकडे सत्तेचे छोटे छोटे वाटे पडलेले आहेत. दोन आश्रमवासी स्त्रियांचे एकमेकींवरचे प्रेम चित्रपटात येते तेव्हा मंडळाला त्यांना हाकलायचे असते. बाजारू तुरुंगपटात हाच प्रसंग सर्वांत जास्त विकला जातो. पटेल आणि तेंडुलकर तो दाखवतात तेव्हा कॅमेरा त्या दोघींच्या शरीराकडे न जाता त्यांच्याबद्दल निर्णय घेणाऱ्या बैठकीकडे जातो. सुलभालाही त्या नात्याचे काय करावे ते नीट कळत नाही. तिचा गोंधळ चित्रपट लपवत नाही, आणि आज पाहताना तो गोंधळ अपुरा वाटतो हे खरेच. तरीही कामना, संस्था आणि सत्ता यांची गाठ कुठे बसते हे मराठी पडद्यावर इतक्या स्वच्छपणे त्याआधी आले नव्हते.

तेंडुलकरांना कोठडी कळली होती, याचे आणखी दोन पुरावे गोविंद निहलानी यांच्या चित्रपटांत आहेत. 'आक्रोश'मधला लहान्या भिकू खुनाच्या आरोपाखाली तुरुंगात आहे आणि वकिलाशीही बोलत नाही, कारण ज्यांनी त्याच्या बायकोवर अत्याचार करून तिला मारले तेच गावाचे मालक आहेत आणि लहान्याचे बाप-बहीण त्यांच्या तावडीत आहेत. देसाईगंजच्या मुलीच्या न ओरडण्याला न्यायालयाने संमती मानले. लहान्याच्या गप्प राहण्याला इथे न्यायालय कबुली मानायला तयार आहे. १९८० च्या या चित्रपटाने शांततेचा अर्थ कोठडीच्या बाहेर शोधला. 'अर्धसत्य' श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' या कथेवरचा, १९८३ चा. त्यात आपण फौजदार वेलणकरच्या बाजूने आहोत, त्याच्या अपमानाने आपण पेटलेले आहोत, आणि लॉकअपमध्ये तो एका चोराला मरेपर्यंत मारतो. प्रेक्षकाला किल्लीवाल्याच्या जागी बसवून त्या जागेची किंमत त्याच्याकडूनच वसूल करण्याचे हे उदाहरण मला फार मोलाचे वाटते. कैद्याच्या बाजूने उभे राहणे हा एकच प्रामाणिक मार्ग असतो असे नाही, हे त्यातून दिसते.

दुसरा आक्षेप या टप्प्यावर येतो: अत्याचार दाखवायचाच नाही, तर त्याची भीषणता कळणार कशी? 'बँडिट क्वीन'च्या निमित्ताने १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याचे उत्तर दिले. चित्रपटातली नग्नता आणि अत्याचार संदर्भासकट पाहिले पाहिजेत, त्यांनी वासना चाळवत नाही, किळस आणि संताप येतो, म्हणून 'ए' प्रमाणपत्र योग्य. निकाल कलेच्या बाजूचा आहे, मला तो पटतो. पण त्या प्रकरणात एक गोष्ट उरतेच. ज्या डाकू स्त्रीवर हा चित्रपट आहे ती फूलनदेवी १९८३ मध्ये शरण आली आणि खटल्याशिवाय अकरा वर्षे तुरुंगात राहिली. चित्रपट तिच्या नावावर, ती हयात असताना तयार झाला आणि पडद्यावरच्या आपल्या बलात्काराला तिनेच हरकत घेतली. अरुंधती रॉय यांनी त्या वेळी हाच प्रश्न लावून धरला होता. हेतू चांगला असला, दिग्दर्शन कसदार असले, तरी कैदेतल्या बाईला न विचारता तिचे शरीर पुन्हा मांडण्याचा अधिकार कॅमेऱ्याला कुणी दिला? भीषणता कळण्यासाठी कृतीचे दर्शन नेहमीच लागते असे मला वाटत नाही. 'आक्रोश'मध्ये लहान्याचे डोळे पुरतात.

अलीकडे या क्षेत्रात थोडी हालचाल आहे. श्रीराम राघवन यांच्या २००४ च्या 'एक हसीना थी'मध्ये सारिका वर्तक ही साधी मुंबईकर मुलगी प्रियकराच्या भरवशावर, वकिलाच्या सांगण्यावरून कबुलीजबाबावर सही करते आणि सात वर्षे आत जाते. ती सही हा त्या चित्रपटातला सर्वांत अस्वस्थ करणारा क्षण आहे, पुढचा सूड त्यापुढे सोपा वाटतो. हंसल मेहता यांच्या 'स्कूप' या २०२३ च्या मालिकेने भायखळ्याचा महिला तुरुंग पत्रकार जिग्ना व्होरा यांच्या आठवणींवरून उभा केला, आणि तिथे पाण्याची बादली, झोपायची जागा, फोनची पाळी यांतून सत्ता दिसत राहते. त्याच भायखळ्यात जून २०१७ मध्ये एका कैदी स्त्रीचा मृत्यू झाला. शिधावाटपात दोन अंडी आणि पाच पाव कमी भरल्याच्या हिशेबावरून तुरुंग कर्मचाऱ्यांनी तिला मारहाण केल्याचा आरोप झाला. सहा जणींना अटक झाली, आतल्या स्त्रिया छपरावर चढल्या. त्या घटनेकडे पाहिले म्हणजे कळते की जगभरच्या प्रौढ तुरुंगपटांतल्या छळाच्या खोल्या किती पोकळ आहेत. तुरुंगातली सत्ता चाबकाने क्वचित चालते, ती शिध्याच्या वहीने रोज चालते.

असे तपशील दाखवले तर चित्रपट रुक्ष होईल, प्रेक्षक उठून जाईल, असे निर्माते म्हणतात. त्यांनी चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' पुन्हा पाहावा. व्हेनिसमध्ये गौरवलेला, सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेला हा मराठी चित्रपट नारायण कांबळे या शाहिराला पुन्हा पुन्हा आत पाठवतो आणि तुरुंगाचे आतले जग जवळजवळ दाखवतच नाही. नागपूरच्या वीरा साथीदारांनी रंगवलेला तो म्हातारा प्रत्येक तारखेला थोडा अधिक थकलेला दिसतो. जामीन, पुढची तारीख, न्यायाधीशांची सुट्टी, एवढ्यावर दोन तास आपण श्वास रोखून बसतो. तुरुंग दाराच्या आत किती भयानक आहे यापेक्षा दार कोण किती सहज लावून घेते, हे त्यात कळते.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२२ च्या आकडेवारीनुसार देशातल्या तुरुंगांत ५ लाख ७३ हजारांवर माणसे होती आणि त्यांतली जवळपास ७६ टक्के कच्चे कैदी, म्हणजे ज्यांचा गुन्हा अजून सिद्ध झालेला नाही अशी. स्त्रिया २३ हजार ७७२. भंडाऱ्याच्या जिल्हा कारागृहातही अशी माणसे आहेत, आणि मुलाखतीच्या दिवशी त्यांना भेटायला गावोगावचे लोक एसटीने जातात. तुरुंगातले प्रेम, वासना, एकटेपणा, लाचारी हे सगळे प्रौढ कलेचे हक्काचे विषय आहेत. ते कुणी टाळावेत असे मी म्हणणार नाही. पण पटकथा लिहायला बसणाऱ्याने आधी कारागृह नियमावली वाचावी, सुटून आलेल्या बायांशी बोलावे, शिधा कोण मोजतो, मुलाखतीची चिठ्ठी कोण अडवतो, रात्री बरॅकीचे कुलूप कोण लावतो हे विचारून घ्यावे, आणि मग कॅमेरा कुठे ठेवायचा ते ठरवावे. 'उंबरठा'ने १९८२ मध्ये हा विषय जिथवर आणून सोडला त्याच्या पुढे तो नेणारा मराठी चित्रपट अजून व्हायचा आहे. झाडीपट्टीतल्या नाटककारांपासून मुंबईच्या निर्मात्यांपर्यंत ज्या कुणाला तो करायचा असेल, त्याने आता वाट पाहू नये.